घरच्या साठवणुकीची पार्श्वभूमी: डिस्क बंद पडणारच, हे धरून

फोटो, व्हिडिओ आणि गाण्यांचा संग्रह काही टेराबाइटच्या पुढे गेला, की जो तो विचारतो, कुठली हार्ड डिस्क टिकेल? संगणकवाल्यांनी या प्रश्नाचा नाद १९८०च्या दशकातच सोडायला सुरुवात केली होती. डिस्क बंद पडणारच, मग डेटा कसा वाचवायचा, हा त्यांचा प्रश्न झाला. आज घरात चार डिस्कचा नॅस, म्हणजे घरच्या नेटवर्कला जोडलेली साठवणुकीची पेटी, घेणारा माणूस त्याच विचाराचं फळ वापरत असतो.

१९५६मध्ये आयबीएमने बाजारात आणलेल्या पहिल्या हार्ड डिस्कमध्ये ५० तबकड्या होत्या, वजन टनाच्या आसपास आणि मावत होती फक्त ५० लाख अक्षरं. १९८०मध्ये सीगेटने जवळपास तेवढीच क्षमता छोट्या संगणकात बसेल अशा ड्राइव्हमध्ये आणली. लहान डिस्क स्वस्त होत गेल्या, पण महत्त्वाच्या कामासाठी त्यांच्यावर विसंबायला कोणी धजत नव्हतं.

१९८८मध्ये कॅलिफोर्नियातल्या बर्कली विद्यापीठाच्या डेव्हिड पॅटरसन, गार्थ गिब्सन आणि रँडी कॅट्झ यांनी मेनफ्रेमच्या, म्हणजे मोठ्या संस्थांच्या अवाढव्य संगणकाच्या, एका ७,५०० एमबीच्या डिस्कसमोर १०० एमबीच्या साध्या डिस्कचा ताफा मांडला. अडचण त्यांनीच दाखवून दिली. एक डिस्क सरासरी ३०,००० तास चालते असं धरलं, तर शंभर डिस्कच्या ताफ्यात दर ३०० तासांनी एक जाणार, म्हणजे दोन आठवडेसुद्धा धड नाहीत. म्हणून जादा डिस्क ठेवायच्या आणि गेलेल्या डिस्कवरचा मजकूर उरलेल्यांवरून पुन्हा उभा करायचा. हेच रेड (RAID). त्यांनी हा हिशेब लपवला नाही, तिथूनच सुरुवात केली, याचं मला फार मोल वाटतं.

पुढे क्षमता भराभर वाढली. २००७मध्ये हिताचीची १ टीबीची डिस्क आली. वाचनातल्या चुकांचं प्रमाण मात्र त्या वेगाने सुधारलं नाही. घरगुती डिस्कच्या माहितीपत्रकात बहुधा १००००००००००००००, म्हणजे एकावर चौदा शून्यं इतक्या बिटमागे एक न वाचता येणारी चूक, अशी मर्यादा दिलेली असते. हे होतात सुमारे १२.५ टीबी. रेड ५ म्हणजे एकच डिस्क गेली तर तगणारी रचना. ४ टीबीच्या चार डिस्कच्या रेड ५मधली एक गेली, तर उरलेल्या तिन्ही, म्हणजे १२ टीबी, पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचाव्या लागतात. माहितीपत्रकातली मर्यादा धरली, तर त्यात एखादी चूक भेटण्याची शक्यता मोठी, आणि ती भरून काढायला जादा डिस्क उरलेली नसते. प्रत्यक्षात डिस्क सहसा या मर्यादेपेक्षा बऱ्या वागतात, तरी मोठ्या डिस्कसाठी दोन डिस्क गेल्या तरी तगणारं रेड ६ का सुचवलं जातं, ते यावरून कळतं.

डिस्क आधी इशारा देईल, ही आशाही २००७मध्ये डळमळली. गुगलने लाखाहून जास्त डिस्क तपासल्या. बंद पडलेल्यांपैकी ५६ टक्क्यांहून अधिक डिस्कच्या स्मार्ट नोंदींमध्ये, म्हणजे डिस्क स्वतःच्या तब्येतीबद्दल ठेवते त्या नोंदींमध्ये, चार मुख्य धोक्याच्या खुणांपैकी एकही नव्हती. त्याच वर्षी संशोधक बियांका श्रोडर आणि वर गिब्सन आलेत तेच गार्थ गिब्सन यांनी दाखवलं, की माहितीपत्रकं वर्षाला एक टक्क्याहून कमी बिघाड सांगत असताना प्रत्यक्षात दोन ते चार टक्के डिस्क सर्रास बदलाव्या लागतात.

खरेदी करताना आणखी एक गोष्ट बघावी लागते. एसएमआर नावाच्या प्रकारच्या डिस्कमध्ये माग, म्हणजे तबकडीवरच्या मजकुराच्या वर्तुळाकार पट्ट्या, एकमेकांवर थोडे चढवलेले असतात. त्यामुळे जागा वाढते, पण एक माग बदलायचा तर शेजारचेही पुन्हा लिहावे लागतात, आणि रेडची पुनर्बांधणी रेंगाळते. २०२०मध्ये वेस्टर्न डिजिटलने नॅससाठीच्या आपल्या काही डिस्क एसएमआर असल्याचं मान्य केलं. तोवर माहितीपत्रकात तसा उल्लेख नव्हता.

आणि रेड म्हणजे बॅकअप नव्हे. चुकून फोल्डर पुसला, तर तो सगळ्या डिस्कवरून एकदमच जातो. चोरी किंवा आग यांपुढेही रेडचा इलाज नाही. छायाचित्रकार पीटर क्रोग यांनी रूढ केलेला ३-२-१चा नियम यासाठीच आहे: तीन प्रती, दोन प्रकारच्या माध्यमांवर, एक घराबाहेर. पैसे मोजकेच असतील, तर चार डिस्कच्या नॅसआधी दोन साध्या मोठ्या डिस्क घ्याव्यात, संगणकावरच्या संग्रहाची पूर्ण प्रत दोन्हींवर करावी आणि त्यांतली एक दुसऱ्या घरी ठेवावी.