शेवटचा नकाशा आणि त्यामागचा डाव

‘युरोपा युनिव्हर्सालिस ४’ हा राज्य उभं करून वाढवण्याचा संगणकावरचा गेम खेळणाऱ्याला एफ-१० ही कळ कशासाठी आहे हे वेगळं सांगावं लागत नाही. ती दाबली की अख्ख्या जगाचा नकाशा एका चित्रात जतन होतो, ५६३२ पिक्सेल रुंद आणि २०४८ पिक्सेल उंच. गेममधल्या ११ नोव्हेंबर १४४४ या तारखेला सुरू झालेला डाव गेममधल्याच १८२१ मध्ये संपला की बहुतेकांचं पहिलं काम तेच असतं. मग ते चित्र मित्रांच्या गटात जातं, त्यावर चर्चा झडते, कुणाच्या सीमा वेड्यावाकड्या झाल्यात यावरून वाद होतात. ही सवय संगणकासोबत आली असं वाटतं खरं, पण तिचं मूळ जवळपास दोनशे वर्षं मागे जातं. तेव्हापासून आजवर नुसत्या शेवटच्या चित्रावर खेळणाऱ्यांचं समाधान कधीच झालेलं नाही. इथवर कसे आलो, हेही त्यांना जपून ठेवायचं असतं.

१८२४ मध्ये प्रशियाच्या सैन्यात गेओर्ग फॉन राइसविट्झ या तरुण अधिकाऱ्याने आपल्या वडिलांचा युद्धखेळ सुधारून मांडला. त्याचं नाव ‘क्रीगश्पील’. पट म्हणून १:८००० प्रमाणाचा भूभागाचा नकाशा, त्यावर लाल आणि निळ्या सोंगट्या, आणि मध्ये एक पंच. दोन्ही बाजू आपले हुकूम लिहून पंचाकडे देत. शत्रूची जी तुकडी खरोखर नजरेच्या टप्प्यात आली असती, तेवढीच पंच पटावर ठेवी. कोण कुठे आहे हे पूर्णपणे ठाऊक असलेला माणूस एकच, तो म्हणजे पंच. त्यामुळे डाव संपल्यावर नकाशाभोवती जमून होणाऱ्या चर्चेला फार मोल होतं. टेकडीमागे काय होतं, राखीव तुकडी कुठे अडली, हे खेळणाऱ्यांना तिथे कळे. आजच्या गेममध्ये नजरेपलीकडचा भाग झाकणारं नकाशावरचं धुकं शेवटी उठतं आणि शेजाऱ्याने एवढं मोठं राज्य कधी उभं केलं असं वाटून आपण चकित होतो, तो क्षण थेट या पंचाच्या टेबलावरून आलेला आहे.

पुढचा मोठा टप्पा टपालाचा. अ‍ॅलन कॅलहॅमर या अमेरिकन माणसाने तयार केलेला ‘डिप्लोमसी’ हा पटावरचा खेळ १९५९ मध्ये विक्रीला आला. १९०१ चा युरोप, सात सत्ता, ३४ पुरवठा केंद्रं (ज्यांच्या संख्येवर सैन्य ठरतं अशी ठिकाणं), आणि त्यातली १८ हाती आली की विजय. फाशांचा संबंध नाही, सगळी मदार बोलाचालीवर आणि दगाफटक्यावर. सात माणसं एका टेबलाशी तासन्‌तास बसवणं अवघड, म्हणून १९६३ मध्ये जॉन बोर्डमन यांनी ‘ग्राउस्टार्क’ हे छोटं नियतकालिक काढून टपालाने डाव चालवायला सुरुवात केली. खेळाडू चाली पत्राने पाठवत आणि अंकात निकाल छापून येई.

इथे नोंद ठेवण्याची जी पद्धत पडली, ती मला या सगळ्या इतिहासातली सर्वात देखणी वाटते. प्रत्येक डावाला क्रमांक मिळू लागला, सालापुढे एक अक्षर अशा रूपात. त्याला बोर्डमन क्रमांक म्हणतात. सोबत पुरवठा केंद्रांचा तक्ता. उभ्या बाजूला सात सत्ता, आडव्या बाजूला १९०१, १९०२, १९०३ अशी वर्षं, आणि प्रत्येक चौकटीत त्या शरद ऋतूअखेर किती केंद्रं होती तो आकडा. ऑस्ट्रियाच्या ओळीत ३, ५, ४, १, ० असं दिसलं की जाणकाराला पुढचं काही विचारावं लागत नाही. सुरुवातीला जोर केला, शेजारी एकत्र आले, संपला. नकाशा न छापताही नकाशाची सगळी हालचाल तेवढ्या जागेत मावली.

संगणकावर हे काम पहिल्यांदा लोकांच्या लक्षात राहील असं केलं ते १९९१ च्या ‘सिव्हिलायझेशन’ने. सिड मायर आणि ब्रूस शेली यांचा हा गेम ८० बाय ५० चौकोनांच्या जगावर चालायचा. डाव संपला की गेम स्वतःच रिप्ले दाखवी. इ.स.पूर्व ४००० पासून वर्षं सरकत, नकाशावर शहरांचे रंगीत ठिपके उमटत, आणि कुणी कधी कुठलं शहर घेतलं याच्या ओळी सोबत येत. कित्येक संध्याकाळी खर्चून उभं केलेलं साम्राज्य काही मिनिटांत पुन्हा उलगडायचं, आणि खेळताना न दिसलेल्या गोष्टी तेव्हा नजरेस यायच्या. २००५ च्या चौथ्या आवृत्तीत तर जुन्या डावांचे रिप्ले ‘हॉल ऑफ फेम’मध्ये साठवून ठेवता येऊ लागले. ‘एज ऑफ एम्पायर्स’ने १९९७ मध्ये वेगळी वाट धरली. डावानंतर रंगीत पट्ट्यांची टाइमलाइन दिसे, कुठला रंग कधी फुगला आणि कधी आटला ते एका नजरेत कळे. त्या मालिकेच्या दुसऱ्या भागात रेकॉर्ड करून ठेवलेल्या डावांमध्ये चित्र मुळी साठवलेलंच नसतं. सुरुवातीची स्थिती आणि खेळाडूंचे हुकूम एवढंच फाइलमध्ये असतं, गेम ते हुकूम पुन्हा पाळतो. म्हणून फाइल चिमुकली राहते, पण गेमची आवृत्ती बदलली की डाव चालेनासा होतो.

‘युरोपा युनिव्हर्सालिस’ मुळात फिलिप तिबो या फ्रेंच रचनाकाराचा १९९३ मधला अवजड पटखेळ. स्टॉकहोमच्या पॅराडॉक्स या कंपनीने २००० मध्ये तो संगणकावर आणला आणि २०१३ मध्ये चौथी आवृत्ती आली. तिचा नकाशा कसा बनतो हे एकदा पाहण्यासारखं आहे. गेमच्या फोल्डरमध्ये एक बिटमॅप चित्र असतं, त्यात प्रत्येक प्रांत एका वेगळ्याच रंगाने भरलेला. कुठल्याही दोन प्रांतांचा रंग सारखा नाही. सोबतच्या तक्त्यात अमुक रंग म्हणजे अमुक क्रमांकाचा प्रांत अशी यादी. जमिनीवरचे प्रांत तीन हजारांहून अधिक. आता सेव्ह फाइल, म्हणजे डाव जतन केलेली फाइल, साध्या टेक्स्ट एडिटरमध्ये उघडा. प्रांताच्या क्रमांकाखाली सध्याचा मालक तीन अक्षरांच्या खुणेने लिहिलेला असतो, मराठ्यांची खूण ‘एमएआर’. त्याखाली इतिहासाचा भाग, ज्यात तारीखवार नोंदी असतात की या दिवशी हा प्रांत याच्याकडून त्याच्याकडे गेला. म्हणजे एकाच शेवटच्या सेव्ह फाइलमधून पावणेचारशे वर्षांचा टाइमलॅप्स, म्हणजे भरभर सरकणारा नकाशा, नव्याने उभा करता येतो. ‘स्कँडरबेग’सारखी खेळाडूंनीच बनवलेली साधनं अशाच फाइली वाचून नकाशे आणि तक्ते काढतात. ‘आयर्नमॅन’ प्रकारात, जिथे मागे जाऊन चूक सुधारण्याची सोय नसते, फाइल बायनरी, म्हणजे माणसाला थेट न वाचता येणाऱ्या, स्वरूपात असते. ती आधी वाचनीय रूपात आणावी लागते, आणि जाणकारांनी तेही जमवलं.

आपल्याकडच्या खेळाडूंना या नकाशात अर्थातच दख्खन आधी दिसते. १४४४ मध्ये तिथे बिदरची बहमनी सल्तनत आणि दक्षिणेला विजयनगर. सह्याद्रीच्या पट्ट्यातल्या प्रांतांची संस्कृती मराठी नोंदवलेली आहे आणि अटी पूर्ण झाल्या की मराठ्यांचं राज्य घोषित करता येतं. डाव १८२१ पर्यंत चालत असल्यामुळे १७६१ आणि १८१८ या दोन्ही तारखा खेळाडूसमोरून जातात, आणि त्या वर्षी आपलं राज्य शाबूत असेल तर मनात काय होतं हे मराठी माणसाला समजावून सांगायला नको. क्रिएटिव्ह असेम्ब्ली या कंपनीच्या ‘एम्पायर: टोटल वॉर’ या गेममध्येही, २००९ साली, १७०० ते १७९९ च्या मोहिमेसाठी मराठा सत्ता निवडता येत होती. अटकेपार गेलेल्या सीमांचे कितीतरी स्क्रीनशॉट त्यातून निघाले.

पण हे नकाशे एकमेकांशेजारी ठेवताना जपून. सप्टेंबर २०१८ मध्ये ‘धर्मा’ हा ‘युरोपा युनिव्हर्सालिस ४’चा विस्तार (गेमला जोडायची पुरवणी) आला, त्यासोबत भारताचा नकाशा बराचसा नव्याने आखला गेला आणि प्रांतांची विभागणी बदलली. त्याआधीच्या डावातले ‘चाळीस प्रांत’ आणि नंतरचे ‘चाळीस प्रांत’ एक नव्हेत. आवृत्ती न लिहिता टाकलेल्या नकाशावर तुलना करत बसणं म्हणजे भांडणाला आमंत्रण. जुनी सेव्ह फाइल नव्या आवृत्तीत धड उघडतही नाही. त्यासाठी स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानातून ती जुनी आवृत्ती मुद्दाम निवडावी लागते. म्हणून फाइल जपताना आवृत्तीचा आकडा तिच्या नावातच घालून ठेवावा.

शेवटच्या नकाशाला आणखी एक आयुष्य मिळालं ते कन्व्हर्टरमुळे. २०१३ मध्ये पॅराडॉक्सनेच ‘क्रुसेडर किंग्ज २’ या आपल्या मध्ययुगातल्या गेमचा संपलेला डाव ‘युरोपा युनिव्हर्सालिस ४’च्या सुरुवातीत बदलून देण्याची सोय केली. पुढचे दुवे खेळाडूंनी जोडले, १८३६ पासूनचा ‘व्हिक्टोरिया’ आणि मग १९३६ पासूनचा ‘हार्ट्स ऑफ आयर्न’. अशा महामोहिमेत एका गेमचा अखेरचा नकाशा दुसऱ्याचा पहिला ठरतो. मध्ययुगात भावाभावांत झालेल्या वाटणीमुळे पडलेली एक वाकडी सीमा हजार वर्षांनंतरच्या रणगाड्यांच्या लढाईत आघाडीची रेषा बनते. ज्यांनी तो प्रवास सोबत लिहून ठेवला, त्यांच्याच महामोहिमा इतरांना वाचाव्याशा वाटतात. ‘आफ्टर अ‍ॅक्शन रिपोर्ट’, म्हणजे खेळलेल्या डावाची हकीकत, हा लेखनप्रकार लष्कराकडून नाव उसनं घेऊन याच गरजेतून रुजला. काही खेळाडू आपल्या राज्याचा दरबारी बखरकार होऊन लिहितात, काही नुसते दर पन्नास वर्षांचे नकाशे आणि चार वाक्यं देतात. मला दुसरा प्रकारही तितकाच मोलाचा वाटतो, कारण चुकीच्या लढाया आणि फसलेले तहसुद्धा त्यात टिकतात.

नोव्हेंबर २०२५ मध्ये ‘युरोपा युनिव्हर्सालिस’ मालिकेचा पाचवा भाग आला. त्याची सुरुवात १३३७ पासून आहे. देवगिरीचं यादवांचं राज्य नुकतंच संपलेलं, दख्खन मुहम्मद बिन तुघलकाच्या ताब्यात, विजयनगर अगदी नवं आणि बहमनी अजून जन्मायचे आहेत. नकाशाचे तुकडे आता वीस हजारांवर गेले आहेत. एवढ्या बारीक नकाशात पुण्याच्या आसपास काय घडलं ते संपूर्ण जगाच्या एका चित्रात दिसणार नाही. मोबाइलवर पाठवताना ते चित्र आवळलं गेलं की सीमाही पुसट होतात. तेव्हा संपूर्ण नकाशासोबत दख्खनचा वेगळा तुकडा, प्रत्येक शतकाअखेरचं एकेक चित्र आणि शक्य असेल तर मूळ सेव्ह फाइल द्यावी. बोर्डमनच्या काळातले लोक टंकलेखन यंत्रावर आणि टपालाच्या तिकिटांवर एवढं करत होते.