कार अपघाताची फाइल पाठवण्याआधी
(आमच्याकडे कोडिंगसाठी फायली पाठवणाऱ्या डॉक्टरांसाठी आणि बिलिंग विभागांसाठी)

‘आरटीए. मान दुखते. एक्स-रे नॉर्मल. गोळ्या दिल्या.’

अपघाताच्या फायलींत अशी नोट आमच्या हाती बऱ्याचदा येते (‘आरटीए’ म्हणजे रस्त्यावरचा अपघात). पेशंट समोर असतो, मागे रांग असते आणि लिहिणाऱ्याला सगळं आठवत असतं, त्यामुळे त्याला एवढं पुरतं. आम्ही कोडर, म्हणजे नोटमधला आजार, दुखापत आणि तिचं कारण बिलासाठी ठरावीक कोडमध्ये लिहिणारे. आम्हाला मात्र तिच्यातून दोनच कोड काढता येतात: मान दुखण्याचा एम ५४.२ आणि ‘कुठल्यातरी मोटार वाहनाचा रस्त्यावरचा अपघात’ एवढंच सांगणारा व्ही ८९.२. चूक एकही नाही, पण दोन्ही मोघम. एम ५४.२ तर दिवसभर संगणकापुढे बसून मान धरलेल्यालाही लागतो. विम्याचा क्लेम तपासणाऱ्याने ‘यात दुखापत कुठे आहे?’ असं विचारलं तर त्याला दोष देता येत नाही.

आता तोच पेशंट, दोन ओळी जास्त: ‘कार स्वतः चालवत होता. सिग्नलला थांबला असताना मागून दुसरी कार धडकली. मानेला झटका, लिगामेंटला ताण. छातीवर पुढून डावीकडे सीटबेल्टचा मुका मार.’ मानेला एस १३.४ मिळाला, छातीच्या मुक्या माराला एस २०.२१२ आणि कारणाला व्ही ४३.५२, म्हणजे कारचालक, दुसऱ्या कारशी टक्कर, सार्वजनिक रस्त्यावर. तपासणी तीच, उपचार तेच, फक्त कागद बोलायला लागला.

आम्ही आयसीडी-१०-सीएम वापरतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० ची ही अमेरिकन आवृत्ती १ ऑक्टोबर २०१५ पासून तिथे लागू आहे. तिच्या १९ व्या प्रकरणात दुखापती आहेत (एस आणि टी), २० व्यात त्यांची बाहेरची कारणं (व्ही ते वाय). कारणाचा कोड कधीच पहिला येत नाही. आधी सर्वांत गंभीर दुखापत, मग बाकीच्या, मग कारण. फ्रॅक्चर झालेल्या जागेवरचं खरचटणं आम्ही वेगळं लावत नाही. ते राहून गेलं म्हणून आम्हाला फोन येतात, पण नियमच तसा आहे.

कोण कुठे होतं?

व्ही ४० ते व्ही ४९ हे कारमधल्या माणसासाठी. पायी चालणाऱ्याचे कोड व्ही ०१ पासून, सायकलस्वाराचे व्ही १० पासून, मोटारसायकलवाल्याचे व्ही २० पासून. म्हणजे पहिला प्रश्न ‘कशाने धडक दिली’ हा नसून ‘पेशंट कशात होता’ हा आहे. तो चालवत होता, शेजारी किंवा मागे बसला होता, की दार उघडून उतरत होता? उतरणाऱ्याचा कोड वेगळा आहे. आणि रस्त्याकडेला स्वतःच्याच कारचं चाक बदलत असताना धडक बसली, तर तो या वर्गीकरणात पादचारी ठरतो. कारमालक पादचारी कसा, हा वाद आमच्याशी अनेकांनी घातला आहे.

जागाही लिहा. अपघात पार्किंगमध्ये किंवा खासगी आवारात घडला असेल तर तो ‘रस्त्यावरचा’ मोजत नाहीत. जागा लिहिलेलीच नसली तर रस्त्यावरचा धरला जातो. एअरबॅग लागून इजा झाली असेल तर तिच्यासाठी डब्ल्यू २२.१ गटातला जादा कोड आहे.

सीटबेल्टच्या खुणेची बाजू नक्की टिपा. स्टिअरिंग डावीकडे असलेल्या गाडीत चालकाचा पट्टा डाव्या खांद्यावरून येतो, शेजारच्याचा उजव्या. चालक म्हणून नोंदलेल्या पेशंटच्या उजव्या खांद्यावर पट्ट्याचा वळ लिहिलेला दिसला की आमचा हात थांबतो. आम्ही काही ठरवत नाही, तुम्हाला विचारतो.

सातवं अक्षर

दुखापतीच्या बहुतेक कोडच्या शेवटी, सातव्या जागी, उपचार कोणत्या टप्प्यावर आहे ते सांगणारं एक अक्षर लागतं. सगळ्यात जास्त गोंधळ इथे होतो. ‘ए’ म्हणजे पहिली भेट, असा समज आहे. तसं नाही. ‘ए’ म्हणजे दुखापतीवर प्रत्यक्ष उपचार चालू आहेत. पेशंट आधी इमर्जन्सीत आला आणि चार दिवसांनी दुसऱ्या सर्जनने ऑपरेशन केलं, तरी दोन्हीकडे ‘ए’च. प्लास्टर काढणं, हाड जुळतंय का पाहणं, ही पुढची देखभाल, तिथे ‘डी’. जखम भरून गेल्यावर मागे राहिलेल्या त्रासाला ‘एस’, आणि तेव्हा तो त्रास आधी लिहायचा, मूळ दुखापत नंतर. फ्रॅक्चरला आणखी अक्षरं आहेत: हाड उशिरा जुळत असेल तर ‘जी’, जुळलंच नाही तर ‘के’, वाकडं जुळलं तर ‘पी’. (बिलावर एस १३.४ नंतर दोन ‘एक्स’ दिसतात, ते टायपिंगची चूक नाहीत. सातवं अक्षर सातव्याच जागी यावं म्हणून मधल्या रिकाम्या जागा तशा भरतात.)

फ्रॅक्चर उघडं की बंद हे लिहिलं नसेल तर ते बंद धरायचं, आणि हाड सरकलं आहे की नाही हे लिहिलं नसेल तर सरकलेलं धरायचं, असा नियम आहे. म्हणजे तुम्ही गप्प राहिलात की नियम बोलतो, आणि तो तुमच्या पेशंटला ओळखत नाही. मोडलेल्या हाडाने त्वचा फाटलेली असताना ‘फीमर फ्रॅक्चर, उजवं’ (फीमर म्हणजे मांडीचं हाड) एवढीच नोट आली, तर आमच्या हातून बंद फ्रॅक्चरच जाणार.

‘बरगडी मोडल्याचा संशय’ असं ओपीडीच्या कागदावर असेल तर आम्हाला फ्रॅक्चर लावता येत नाही, लक्षणच लावावं लागतं. काहीच लागलेलं नाही, फक्त अपघातानंतर तपासून घरी पाठवलं, अशांसाठी झेड ०४.१ आहे. तिथे ओढूनताणून दुखापत लिहू नका.

आमची क्वेरी आली तर

क्वेरी म्हणजे नोटमध्ये न सापडलेल्या गोष्टीबद्दल आम्ही तुम्हाला विचारलेला प्रश्न. ती ‘डावीकडे की उजवीकडे?’ इतकी साधी असते. तिच्यात आम्ही उत्तर सुचवत नाही, तसं करायला मनाई आहे. जुनी नोट खोडू किंवा बदलू नका. तारीख, वेळ आणि सहीसह खाली पुरवणी नोंद करा. फोनवर सांगितलेलं आम्हाला वापरता येत नाही, कागदावर आलं की फाइल पुढे सरकते.