लॉर्ड कॉक्रन आणि १८१४ चा लंडनचा शेअरबाजार घोटाळा: मागची सगळी गोष्ट

१८१४ च्या लंडन शेअरबाजार घोटाळ्याचा विषय निघाला की लोक थेट "नेपोलियन मेला" या अफवेवर येतात. पण त्यात ज्याचं नाव सगळ्यात जास्त बदनाम झालं तो थॉमस कॉक्रन आधी कोण होता, त्याने किती जणांशी वाकडं घेतलं होतं हे माहीत नसेल तर प्रकरण एवढं का पेटलं ते कळणारच नाही. म्हणून जरा मागून सुरुवात करतो.

कॉक्रनचा जन्म १७७५ चा, स्कॉटलंडमधला. बाप अर्ल ऑफ डंडोनाल्ड, म्हणजे पदवी मोठी पण तिजोरी रिकामी, कारण दगडी कोळशापासून डांबर काढण्यासारख्या उद्योगांत त्याने इस्टेट घालवली. त्यामुळे पैसा स्वतःच कमवायचा हे पोराच्या डोक्यात लहानपणापासून पक्कं होतं. १७९३ मध्ये सतराव्या वर्षी तो काकाच्या जहाजावर नौदलात भरती झाला, आणि १८०० मध्ये त्याला स्पीडी नावाचं १४ तोफांचं छोटंसं जहाज मिळालं.

या स्पीडीची एक लढाई सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. ६ मे १८०१, बार्सिलोनाजवळ समोर आलं गामो हे स्पॅनिश लढाऊ जहाज, ३२ तोफा आणि ३१९ माणसं, कॉक्रनकडे माणसं फक्त ५४. पळायचं सोडून त्याने स्पीडी गामोला इतकी चिकटवली की गामोच्या तोफांचे गोळे डोक्यावरून जायला लागले, तोफा तेवढ्या खाली वळेचनात, आणि याच्या तोफा मात्र खालून वर मारत होत्या, पहिल्याच माऱ्यात स्पॅनिश कॅप्टन गेला. मग जहाजाच्या डॉक्टरला एकट्याला सुकाणूवर ठेवून बाकी सगळे गामोवर चढले, काहींनी तोंडाला काळं फासलेलं. ऐन हातघाईत कॉक्रनने रिकाम्या स्पीडीकडे बघून "अजून पन्नास जण पाठवा" अशी हाक दिली आणि एका माणसाकडून स्पॅनिश झेंडा खाली उतरवला, स्पॅनिश लोकांना वाटलं आपल्याच अधिकाऱ्यांनी शरणागती पत्करली. इंग्रजांचे मेले तिघं. धाडसापेक्षा मला यातला हिशोब आवडतो, समोरच्याला काय दिसेल आणि तो काय समजेल हे आधीच ओळखायचं. (पुढे खटल्यात हाच गुण त्याच्या अंगाशी आला असणार, फसवाफसवीत एवढा तरबेज माणूस निष्पाप आहे हे लोकांना पटायला कठीणच.)

त्या काळी शत्रूचं जहाज पकडलं की त्याच्या किमतीतला वाटा कॅप्टनला मिळायचा. १८०५ मध्ये पॅलस जहाजावर असताना कॉक्रनने यात हजारो पौंड कमावले. मग तो पार्लमेंटात गेला, १८०७ पासून वेस्टमिन्स्टरचा खासदार, आणि तिथे उभं राहून नौदलातल्या भ्रष्टाचारावर बोलायला लागला. माल्टाच्या कोर्टात पकडलेल्या जहाजांच्या निकालांसाठी अव्वाच्या सव्वा फी लावतात म्हणून १८११ मध्ये तिथे जाऊन त्याने फीचा तक्ताच काढून आणला, अटक झाली तर तुरुंगातून दोरावरून पळाला. त्याआधी १८०९ मध्ये फ्रान्सच्या किनाऱ्याजवळ बास्क रोड्सला त्याने आगीची जहाजं सोडून फ्रेंच ताफ्याची दाणादाण उडवली होती, पण अॅडमिरल गॅम्बियरने वेळेवर जहाजं पुढे पाठवली नाहीत. कॉक्रनने संसदेतल्या अभिनंदनाच्या ठरावाला विरोध करणार म्हणून सांगितलं, त्यावर गॅम्बियरने स्वतःच कोर्टमार्शल मागून घेतलं आणि त्यातून तो निर्दोष सुटला. कॉक्रन मात्र पुढची चारएक वर्षं जहाजाविना किनाऱ्यावर. १८१४ च्या सुरुवातीला पुन्हा काकाच्या हाताखाली टोनंट जहाज मिळालं, अमेरिकेला निघायची तयारी चालली होती, आणि तेवढ्यात हे झालं.

२१ फेब्रुवारी १८१४, सोमवार, मध्यरात्र उलटून गेल्यावर डोव्हरच्या शिप इनवर लाल लष्करी कोटातला एक माणूस आला, नाव सांगितलं कर्नल द्यू बूर, आणि म्हणाला की कोसॅकांनी, म्हणजे रशियाच्या घोडेस्वारांनी, नेपोलियनला ठार मारलं, आता शांतता होणार. टेकड्यांवरच्या खुणांनी लंडनला संदेश जावा म्हणून त्याने डीलच्या अॅडमिरलला पत्रही पाठवलं, पण धुक्यामुळे ते जमलं नाही. मग तो स्वतःच घोडागाडीने लंडनकडे निघाला, वाटेत गाडीवानांना नेपोलियनची सोन्याची नाणी देत. सकाळी बाजार उघडला तेव्हा ऑम्नियमचा भाव साडेसत्तावीसच्या आसपास होता. ऑम्नियम म्हणजे सरकारी कर्जाचे एकत्र कागद, पूर्ण पैसे न भरता यावर सट्टा करता यायचा, त्यामुळे भाव थोडा हलला तरी नफा किंवा तोटा मोठा. अफवेने भाव चढला, सरकारकडून काही दुजोरा नाही म्हणून उतरायला लागला, तेवढ्यात पांढऱ्या फिती आणि झाडपाल्याने सजवलेली दुसरी गाडी लंडन ब्रिजवरून शहरात आली, आतले लोक फ्रेंच राजाच्या जयजयकाराच्या चिठ्ठ्या उधळत होते, की भाव परत वर, बत्तीसच्या पुढे. दुपारपर्यंत सगळं खोटं निघालं आणि भाव कोसळला.

बाजाराच्या कमिटीने चौकशी केली तर आधीच्या काही दिवसांत घेऊन त्याच दिवशी विकलेला अकरा लाख पौंडांचा माल तीन नावांभोवती सापडला: कॉक्रनचा दुसरा एक काका कॉक्रन-जॉनस्टन, दलाल रिचर्ड बट आणि खुद्द कॉक्रन. कॉक्रनचा १,३९,००० पौंडांचा ऑम्नियम होता, आणि भाव एक टक्का चढला की विकून टाका अशी त्याची दलालाला आधीपासूनच सूचना होती. त्याच्या वाट्याचा नफा अडीच हजार पौंडांच्या आतबाहेर. ज्याने जहाजं पकडून याच्या कितीतरी पट कमावलं त्याने एवढ्यासाठी सगळी इज्जत पणाला लावावी हे मला पटत नाही.

पण पुरावे अवघड होते. डोव्हरला आलेल्या त्या "कर्नल"चं खरं नाव द बेरांजे, आणि लंडनला पोचल्यावर तो गेला कुठे, तर थेट कॉक्रनच्या ग्रीन स्ट्रीटच्या घरी. कॉक्रन तेव्हा स्वतः शोधलेल्या दिव्याच्या कामासाठी कारखान्यात होता, चिठ्ठी आली म्हणून घरी गेला आणि त्या माणसाला कपडे बदलायला आपला काळा कोट दिला. हे सगळं त्याने स्वतःच शपथेवर लिहून दिलं, नावासकट. मात्र आलेल्या माणसाचा कोट हिरवा होता असं तो म्हणाला आणि साक्षीदार म्हणत होते लाल. लाल कोट नंतर तुकडे केलेल्या अवस्थेत थेम्समधून निघाला. द बेरांजे पकडला गेला तेव्हा त्याच्याजवळच्या नोटांचा माग बट आणि कॉक्रन-जॉनस्टनपर्यंत लागला.

खटला ८ आणि ९ जूनला न्यायाधीश लॉर्ड एलेनबरोपुढे चालला. दिवसभर सरकारी बाजू ऐकून झाल्यावर बचावाच्या वकिलाला रात्री उशिरा दमलेल्या ज्युरीपुढे बोलायला लावलं, हे मला आजही अन्यायाचं वाटतं. कॉक्रन दोषी ठरला, शिक्षा एक वर्ष कैद, हजार पौंड दंड आणि एक तास खोड्यात उभं राहणं, यातला खोडा नंतर रद्द केला. काका कॉक्रन-जॉनस्टन पळून गेला होता, आणि सगळे आरोपी हजर नाहीत म्हणून कॉक्रनला फेरखटलाही मिळाला नाही. नौदलातून नाव काढलं, संसदेतून हाकललं, नाइट म्हणून वेस्टमिन्स्टर अॅबीत लावलेला त्याचा झेंडा काढून पायऱ्यांवरून लाथाडला. वेस्टमिन्स्टरच्या मतदारांनी मात्र जुलैमध्येच त्याला बिनविरोध परत निवडून दिलं.

नंतर त्याने चिली, ब्राझील, ग्रीस या देशांची आरमारं सांभाळली. १८३२ मध्ये इंग्लंडने माफी देऊन रिअर अॅडमिरल केलं, १८४७ मध्ये नाइटहूडही परत मिळाली. १८६० मध्ये तो वारला आणि पुढे सरकारने नातवाला पैसेही दिले. पण ही माफी होती, निकाल कधी रद्द झालाच नाही, आणि म्हणूनच तो दोषी होता का हा वाद इतिहासकारांत अजून चालू आहे. खोट्या बातमीने बाजारभाव चढवण्याचा कट हा गुन्हा आहे हे ठरवणारा जुना दाखला म्हणून वकील आजही हाच खटला काढतात, फक्त तिथे नाव द बेरांजेचं आहे.