नादब्रह्म

नादब्रह्म : नाद हेच जगाचे मूळ तत्त्व असून दिसणारे-भासणारे सगळे विश्व हा त्याचाच विस्तार आहे, असे मानणारी भारतीय संगीतशास्त्रातील आणि योगमार्गातील संकल्पना. भजनी मंडळाच्या पाटीपासून मैफलीच्या निवेदनापर्यंत हा शब्द आज इतका सर्रास वापरला जातो, की तो नुसता गौरवाचा शब्द वाटू लागला आहे. त्याचा मूळ अर्थ मात्र नेमका आहे. त्याची सविस्तर मांडणी ज्या ग्रंथात सापडते तो ‘संगीतरत्नाकर’ तेराव्या शतकात यादवांच्या देवगिरीला, म्हणजे आजच्या दौलताबादला लिहिला गेला.

विचार त्याहून जुना आहे. वैयाकरण भर्तृहरीने ‘वाक्यपदीया’च्या पहिल्याच कारिकेत (श्लोकात) शब्दतत्त्वाला आदि-अंत नसलेले ब्रह्म म्हटले आणि जगाची प्रक्रिया त्यातून निघते असे सांगितले. पुढे संगीताचार्य मतंगाच्या ‘बृहद्देशी’त हा विचार शब्दाकडून स्वराकडे वळला : नादावाचून गीत नाही, स्वर नाही, नृत्त नाही, म्हणून जग नादात्मक आहे.

‘संगीतरत्नाकरा’चा कर्ता शार्ङ्गदेव हा मूळच्या काश्मिरी घराण्यातला. त्याचे वडील सोढल यादवांच्या पदरी होते. शार्ङ्गदेव स्वतः सिंघण राजाच्या (कारकीर्द सुमारे 1210–1247) दरबारात श्रीकरणाचा, म्हणजे हिशेबाच्या खात्याचा प्रमुख होता. ही गोष्ट लक्षात ठेवून ग्रंथ वाचला की त्याची शिस्त उलगडते. स्वर, राग, प्रकीर्णक, प्रबंध, ताल, वाद्य आणि नर्तन अशा सात अध्यायांत त्याने पूर्वीच्या आचार्यांची मते तपासून मांडली आहेत.

पहिल्या अध्यायात सप्तक येण्याआधी पिंडोत्पत्तीचे प्रकरण येते. गर्भ महिन्यामहिन्याने कसा वाढतो, देहातल्या नाड्या कोणत्या, चक्रे कुठे, हे सारे संगीताच्या ग्रंथात सुरुवातीलाच सांगितले आहे. घाईचा वाचक ही पाने उलटून थेट षड्जाकडे, म्हणजे ‘सा’कडे जातो, आणि नादब्रह्माचा गाभा नेमका तिथेच सुटतो. विश्वाचे मूळ असलेला नाद माणसाला भेटतो तो देहात, म्हणून देह आधी समजून घ्यायचा, हा शार्ङ्गदेवाचा क्रम आहे. आत्म्याला बोलावेसे वाटते, तो मनाला प्रेरतो. मन देहातल्या अग्नीवर आघात करते. अग्नी वायूला ढकलतो. आणि ब्रह्मग्रंथी या देहातल्या गाठीतला तो वायू वर चढत नाभी, हृदय, कंठ, मूर्धा आणि मुख या ठिकाणी अनुक्रमे अतिसूक्ष्म, सूक्ष्म, पुष्ट, अपुष्ट व कृत्रिम असे पाच प्रकारचे नाद उमटवतो. ‘न’ म्हणजे प्राण, ‘द’ म्हणजे अग्नी, दोघांच्या संयोगातून झाला तो नाद, अशी त्याने दिलेली व्युत्पत्ती आहे. भाषाशास्त्र ती मान्य करणार नाही, पण गाणाऱ्याला आपल्या छातीतली ऊब आणि दम तिच्यात ओळखू येतो.

‘नादाधीनमतो जगत्’ हे त्याचे प्रसिद्ध वचन अनेकदा गूढ मंत्रासारखे उद्धृत केले जाते. मूळ युक्तिवाद अगदी व्यवहारी आहे : नादाने वर्ण व्यक्त होतो, वर्णाने पद, पदांनी वाक्य आणि वाक्यावर सगळा व्यवहार चालतो, म्हणून जग नादाच्या अधीन.

नाद दोन प्रकारचा. आघाताशिवाय असणारा तो अनाहत, आघाताने उमटणारा तो आहत. अनाहताची उपासना गुरूने दाखवलेल्या मार्गाने करायची. ती मुक्ती देते, पण तिच्यात रंजकता नाही, असे शार्ङ्गदेव स्पष्ट म्हणतो. आहत नाद रंजनही करतो आणि भवबंधनही तोडतो. या एका वाक्याने गाण्याला साधनेच्या बरोबरीचे स्थान मिळाले. हठयोगाच्या परंपरेने अनाहताची वाट धरली. ‘हठयोगप्रदीपिके’त साधकाला आधी समुद्र, मेघ, भेरी यांसारखे, मग मर्दल, शंख, घंटा यांसारखे आणि शेवटी किंकिणी, वेणू, वीणा व भुंगा यांसारखे नाद ऐकू येतात असे वर्णन आहे.

आहत नादाचे मोजमाप शार्ङ्गदेव दोन वीणांवर करून दाखवतो. दोन्हींना 22-22 तारा. पहिली तार सर्वांत खालच्या नादात लावायची आणि पुढची प्रत्येक तार इतकीच चढवायची, की दोहोंच्या मध्ये तिसरा ध्वनी ऐकू येऊ नये. या 22 श्रुती. चौथ्या तारेवर षड्ज, मग 7, 9, 13, 17, 20 आणि 22 या तारांवर रिषभ ते निषाद. एक वीणा तशीच ठेवायची, ती ध्रुव. दुसरी चल, तिचे सगळे स्वर एकेक श्रुती उतरवत न्यायचे; अशा प्रत्येक उतरवण्याला सारणा म्हणतात. दुसऱ्या सारणेत चल वीणेचे गंधार-निषाद ध्रुव वीणेच्या रिषभ-धैवतात मिळतात, तिसऱ्या सारणेत रिषभ-धैवत षड्ज-पंचमात, आणि चौथ्या सारणेत पंचम, मध्यम व षड्ज हे मध्यम, गंधार व निषादात. ब्रह्माची भाषा बोलणारा लेखक पुराव्यासाठी वाचकाच्या कानाकडे जातो, याचे मोल फार आहे.

या संकल्पनेची पायथागोरसपासून चालत आलेल्या ग्रहगोलांच्या संगीताशी, म्हणजे ग्रहांच्या गतीत सुरेल संगती असते या कल्पनेशी, नेहमी तुलना होते. खगोलशास्त्रज्ञ केप्लरने 1619 मध्ये ग्रहांच्या सूर्याजवळच्या व सूर्यापासून दूरच्या कोनीय वेगांवरून त्यांना स्वर दिले. साम्य आहे, पण दिशा उलट आहे : ते संगीत आकाशात आहे, नादब्रह्माचा शोध नाभीपासून सुरू होतो. आरंभीच्या तप्त विश्वात दाबाच्या लहरी होत्या, हे आजच्या खगोलशास्त्राने मोजले आहे. त्यावरून ‘विज्ञानाने अनाहत सिद्ध केला’ असे म्हणणे दोन्ही विद्यांवर अन्याय करणारे आहे.

देवगिरीच्याच राज्यात, 1290 साली पूर्ण झालेल्या ‘ज्ञानेश्वरी’त हा विचार मराठीत आला. आरंभीच्या गणेशवंदनेत अकार, उकार, मकार हे गणेशाचे चरण, उदर आणि मस्तक होतात, आणि तिन्ही एकवटले की शब्दब्रह्म कवळले जाते. सहाव्या अध्यायात कुंडलिनीच्या वर्णनात अनाहताच्या मेघाने आकाश दुमदुमते.

‘संगीतरत्नाकर’ पुण्याच्या आनंदाश्रमाने 1896–97 मध्ये कल्लिनाथाच्या टीकेसह छापला. त्यातले राग आज जसेच्या तसे गाता येत नाहीत, हे संगीतशास्त्रकार वि. ना. भातखंडे यांनी ठामपणे मांडले. ग्रंथातला शुद्ध स्वरांचा मेळ, म्हणजे सात स्वरांचा संच, आजच्या काफी थाटाच्या जवळचा, आणि आपला शुद्ध मेळ बिलावल थाटाचा. राग बदलले तरी नादाविषयीची धारणा टिकली. जवारी, म्हणजे तारेचा गुंजारव, नीट लागलेल्या तंबोऱ्याच्या खर्जाच्या, म्हणजे सर्वांत खालच्या षड्जाच्या, तारेतून कोणी न छेडलेला गंधार ऐकू येतो. तो त्या तारेचा पाचवा स्वरांश, म्हणजे तिच्या मूळ कंपनाच्या पाचपट कंपनाचा ध्वनी असतो, आणि गवई त्याला स्वयंभू गंधार म्हणतात. गावोगावच्या अखंड हरिनाम सप्ताहात विणेचा पहारा असतो : सात दिवस वीणा जमिनीवर टेकत नाही, एका वीणेकऱ्याच्या गळ्यातून ती दुसऱ्याच्या गळ्यात जाते, आणि रात्री मंडप रिकामा झाला तरी तिची तार वाजत राहते.