जेली म्हणजे नक्की कुठली जेली?

काउंटरवरची गर्दी ओसरेपर्यंत तो पोरगा बाजूलाच थांबला होता. मग हळूच पुढं आला. "दादा, कंडोमचं एक पाकीट द्या. आणि जेली हाय न्हवं, ती बी द्या."

"कुठली जेली?" मी विचारलं.

त्यानं माझ्यामागच्या फळीवरल्या पेट्रोलियम जेलीच्या डबीकडे बोट दाखवलं. थंडीत ओठ फुटले की आपण लावतो, ती.

कोल्हापुरात राजारामपुरीतल्या मेडिकलमध्ये उभं राहून ही गल्लत मी कितीतरी वेळा बघितली आहे. चूक त्या पोराची नव्हे. दोन्ही जेलीच, दोन्ही बुळबुळीत, दोन्ही एकाच दुकानात मिळतात. पण कंडोमबरोबर एक चालते आणि दुसरी कंडोमचा जीवच काढून घेते.

पेट्रोलियम जेली खनिज तेलापासून बनते. आपल्याकडे मिळणारे बहुतेक कंडोम लॅटेक्सचे, म्हणजे रबराच्या झाडाच्या चिकापासून केलेले. तेल आणि हे रबर यांचं अजिबात जमत नाही. उद्यमनगरात ऑइल इंजिनांवर काम केलेल्या कुणालाही विचारा. साधा रबरी वायसर डिझेलमध्ये पडला तर फुगतो, मऊ पडतो, बोटानं ओढला तरी तुटतो. म्हणून तर ऑइल सीलला तेल सोसणारं वेगळं रबर वापरतात. कंडोमचं रबर त्या वायसरपेक्षा कितीतरी पातळ. तेल त्यात शिरलं की त्याची वीण सैल होते. १९८९ साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात, खनिज तेल लागल्यावर अवघ्या एका मिनिटात लॅटेक्स कंडोमची ताकद सुमारे ९० टक्क्यांनी घटली होती. वरून मात्र तो जसाच्या तसा दिसतो, आणि मला भीती वाटते ती याचीच.

दुसरी जेली पाण्यावर आधारित असते. डॉक्टर तपासणीच्या वेळी वापरतात, ती याच जातीची. ट्यूबवर घटक छापलेले असतात. त्यात सुरुवातीला पाणी, ग्लिसरीन असं दिसलं आणि तेलाचा उल्लेख नसला, तर ती लॅटेक्सला चालते. सिलिकॉनची जेलीही चालते. घरच्या घरी ओळखायचं तर थेंबभर तळहातावर चोळा आणि नळाखाली धरा. पाण्यावरची लगेच निघून जाते, पेट्रोलियम जेलीवरून पाणी नुसतं ओघळतं. पण एवढ्यावर विसंबू नका. कोल्ड क्रीम, बॉडी लोशन पाण्यानं निघतं, तरी त्यात तेल असतं. खोबरेल, एरंडेल, तूप, लोणी हे सगळं पेट्रोलियम जेलीच्याच रांगेत धरा. "खोबरेल नैसर्गिक आहे, त्यानं काय होतंय?" असं म्हणणारे भेटतात. नैसर्गिक असलं तरी ते तेलच. आणि थुंकी? ती रबराला काही करत नाही, पण पटकन सुकते आणि घर्षण तसंच राहतं.

एक गोष्ट बायकांसाठी, कारण ती त्यांना सहसा कुणी सांगत नाही. अंगावरून पांढरं जातं किंवा खाज येते म्हणून योनीत ठेवायच्या गोळ्या किंवा क्रीम मिळतं. त्यातल्या काहींचा आधार तेलकट असतो आणि त्यानंही कंडोम कमजोर होतो. औषध देताना डॉक्टरांना तेवढं विचारून घ्याच. बाळंतपणानंतर, अंगावर पाजत असताना किंवा पाळी गेल्यावर कोरडेपणा येतो, तेव्हा ही पाण्यावरची जेली खरंच उपयोगी पडते. त्रास कमी होतो, कंडोम फाटायची शक्यताही कमी होते. त्यात लाजण्यासारखं काही नाही.

लावायची कशी? आधी तारीख बघा, पाकीट दातानं फाडू नका. टोक चिमटीत धरून हवा काढा, कंडोम मुळापर्यंत उलगडा आणि मग जेली बाहेरून लावा. आत भरपूर लावली तर तो निसटतो. वीर्य बाहेर पडल्यावर लिंग ताठ असतानाच कंडोम मुळाशी धरून बाहेर या. एकावर एक दोन कंडोम कधीच घालू नका.

आणि तेल लावून झालंच असेल, किंवा कंडोम फाटला असेल, तर घाबरून गप्प बसू नका. गर्भ राहू नये म्हणून घ्यायची तातडीची गोळी ७२ तासांच्या आत घ्यायची, जितकी लवकर तितकी बरी. एचआयव्हीची शंका असेल तर ती टाळण्याचं औषधही ७२ तासांच्या आतच सुरू करावं लागतं, म्हणून सकाळची वाट न बघता सीपीआर, म्हणजे आपला कोल्हापूरचा सरकारी दवाखाना, गाठा. एचआयव्हीची तपासणी तिथं मोफत होते. आधी फोनवर बोलायचं असेल तर १०९७ ही हेल्पलाइन आहे, तिलाही पैसे लागत नाहीत.

त्या पोराला मी पाण्यावरची ट्यूब दिली आणि त्यावरचे घटक बोटानं दाखवले. कागदात गुंडाळलेलं पाकीट खिशात घालता घालता तो थबकला. "दादा, मी तालमीत जातो. मालिश झाल्यावर हाताला तेल असतंय. ते चालतंय का?"

"न्हाई. आधी हात साबणानं धू, पुसून कोरडे कर, मगच पाकीट फोड."