सापाचं डोकं, उघडं तोंड आणि मरळ

काचेच्या मोठ्या टाकीत ठेवलेल्या मरळ माशासमोर थोडा वेळ गप्प बसून राहिलं, तर एक दृश्य हमखास दिसतं. तळाशी ओंडक्यासारखा निपचित पडलेला मासा अचानक तिरका होतो, सरळ वर येतो, पाण्याबाहेर जेमतेम तोंडाचं टोक काढतो, जबडा उघडतो, मिटतो आणि खाली निघतो. जाताना कल्ल्याच्या झाकणाखालून एखाददुसरा बुडबुडा सुटतो. सगळा कार्यक्रम क्षणभराचा, पण ही नुसती सवय नव्हे. पाण्याच्या पृष्ठभागाखाली जाळी ताणून पूर्ण वाढलेल्या मरळ माशाला वर येऊ दिलं नाही, तर स्वच्छ, वाहत्या पाण्यातही तो गुदमरून मरतो. मासा पाण्यात बुडून मेला, हे वाक्य विनोदी वाटतं खरं, पण या माशाच्या बाबतीत ते शब्दशः खरं आहे.

एवढी विलक्षण गोष्ट समोर असूनही शास्त्रज्ञांनी त्याला नाव देताना पाहिलं ते त्याच्या डोक्याकडे.

जुनी प्राणिशास्त्राची पुस्तकं चाळली तर या माशांचं नाव ‘ऑफिओसेफॅलस’ असं सापडतं. ग्रीक भाषेत ‘ऑफिस’ म्हणजे साप आणि ‘केफाले’ म्हणजे डोकं. यातला दुसरा शब्द आपल्याला अगदीच अनोळखी नाही. मेंदूत पाणी साठण्याच्या विकाराला डॉक्टर ‘हायड्रोसेफॅलस’ म्हणतात, त्यातलं ‘सेफॅलस’ हेच. तेव्हा ऑफिओसेफॅलस म्हणजे सापाच्या डोक्याचा. नाव अन्यायाचं नाही. बहुतेक माशांच्या डोक्यावर खवले नसतात किंवा असले तर बारीक असतात. मरळ माशाच्या माथ्यावर मात्र मोठे, चपटे, फरशा बसवाव्यात तसे खवले असतात आणि सापाच्या डोक्यावरच्या ढालींशी त्यांचं साम्य चटकन जाणवतं. डोकं वरून चपटं, डोळे पुढे आणि वरच्या अंगाला, नाकपुड्यांपाशी दोन बारीक नळ्या, मागे गोल लांबट धड. गढूळ पाण्यातून एवढंच वर आलं, तर दचकायला होणारच.

हे नाव बर्लिनमधल्या मार्कुस ब्लॉख या डॉक्टरने १७९३ साली दिलं. ब्लॉखने माशांचा प्रचंड संग्रह जमवला होता आणि कोरोमंडल किनाऱ्यावरच्या ट्रांकेबारमधूनही मासे त्याच्याकडे जात. मूळ नावात त्याने ‘ऑफिसेफॅलस’ असं लिहिलं. पुढच्या अभ्यासकांना ते व्याकरणात कच्चं वाटलं आणि त्यांनी मध्ये एक ‘ओ’ घालून ते ‘ऑफिओसेफॅलस’ केलं. फ्रान्सिस डे यांच्या १८७० च्या दशकातल्या भारतीय माशांवरच्या ग्रंथात हेच रूप आहे. तिथून ते पाठ्यपुस्तकांत उतरलं आणि पिढ्यान्‌पिढ्या पाठ झालं. प्राणिनामकरणाच्या नियमांनुसार मूळ लेखकाने केलेलं रूपच सहसा चालतं, मग ते वैयाकरणाला कितीही खटको. म्हणजे आपण ज्याला शुद्ध समजून घोकलं, ती दुरुस्ती आगाऊच होती.

पण खरी गंमत पुढे आहे. आज हे नाव, ‘ओ’सकट आणि ‘ओ’शिवाय, दोन्ही रूपांत बाद झालेलं आहे. आता या माशांच्या प्रजातीचं, म्हणजे जवळच्या जातींच्या गटाचं, अधिकृत नाव ‘चन्ना’. हरभऱ्याच्या चण्याशी त्याचा काडीचाही संबंध नाही.

‘चन्ना’ हा शब्दही मुळात ग्रीक. ‘खान्ने’ हे एका समुद्री माशाचं नाव होतं आणि त्याचा संबंध ‘तोंड वासणे’ या अर्थाच्या धातूशी लावतात. ॲरिस्टॉटलनेही खान्नेचा उल्लेख केला आहे. या जातीत म्हणे सगळ्याच माद्या, कारण पाहावं त्याच्या पोटात अंडी! तो मासा बहुधा आजच्या सेरॅनस गटातला असावा, आणि त्या गटात एकाच माशाच्या अंगात नराची आणि मादीची इंद्रियं एकत्र असतात. म्हणजे निरीक्षण बरोबर, निष्कर्ष अर्धा. ते असो. भूमध्य समुद्रातल्या त्या माशाचा आपल्या गोड्या पाण्यातल्या मरळ माशाशी कसलाच नातेसंबंध नाही. जुनी ग्रीक-लॅटिन नावं उचलायची आणि नव्या प्राण्यांना चिकटवायची, ही अठराव्या शतकातली सर्रास पद्धत होती. जोव्हानी स्कोपोली या निसर्गअभ्यासकाने १७७७ मध्ये ‘चन्ना’ हे प्रजातीचं नाव वापरलं. (स्कोपोलामाइन या औषधाचं नाव ज्या वनस्पतीवरून पडलं, तिला याच माणसाचं नाव दिलेलं आहे.)

मग १७७७ चं नाव हाताशी असताना ब्लॉखने १७९३ मध्ये दुसरं का दिलं आणि ते दीडशे वर्षं टिकलं कसं? याचं उत्तर माशाच्या पोटाखाली आहे. छातीच्या परांच्या जरा खाली बहुतेक माशांना आणखी दोन छोटे पर असतात, त्यांना श्रोणिपर म्हणतात. मरळ गटातल्या काही मोजक्या जातींना ते नसतात. स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञ लिनियसने १७५८ मध्ये यातली अशीच एक बिनपरांची जात पाहिली आणि तिला थेट ‘जिम्नोटस’मध्ये, म्हणजे दक्षिण अमेरिकेतल्या सुरीसारख्या माशांच्या गटात टाकलं. पुढे विभागणी अशी झाली की श्रोणिपर नसलेले ते ‘चन्ना’ आणि असलेले ते ‘ऑफिसेफॅलस’. दोन वेगळ्या प्रजाती म्हटल्यावर दोन नावं सुखाने नांदली.

१९३१ मध्ये मायर्स आणि शापोवालोव्ह या दोघा अमेरिकी मत्स्यशास्त्रज्ञांनी हा भेद तपासला आणि तो प्रजाती वेगळी मानण्याइतका मोठा नाही असं दाखवून दिलं. बाकी सगळी ठेवण सारखी, फक्त पोटाखालचे दोन पर काही जातींनी गमावलेले. दोन्ही घरं एकत्र केली की पाटी एकच लागणार, आणि नियम असा की जुनं नाव जिंकतं. १७७७ पुढे १७९३ चं काही चाललं नाही. सापाचं डोकं गेलं आणि वासलेलं तोंड राहिलं.

मला हा निकाल आवडतो, तो नियमात बसतो म्हणून नव्हे. ‘सापाच्या डोक्याचा’ हे नाव माशाचं रूप सांगतं, पण तो जगतो कसा याबद्दल मुका असतं. ‘चन्ना’ हे नाव उसनं, परक्या माशाचं, जवळजवळ अपघाताने चिकटलेलं, आणि तरी नेमकं तोंडावर बोट ठेवतं. मरळ माशाचा सगळा संसार या तोंडावर चालतो. त्याच्या डोक्यात, कल्ल्यांच्या वरच्या अंगाला, दोन्ही बाजूंना एकेक पोकळी असते. तिच्या आतल्या घड्यांच्या अस्तरात रक्तवाहिन्यांचं दाट जाळं असतं. तोंडाने घेतलेली हवा या पोकळीत साठते आणि प्राणवायू तिथूनच रक्तात उतरतो. कल्ले आहेत, पण एकट्याने त्यांचं भागत नाही. म्हणूनच पाणी आटत आलेल्या डबक्यात इतर मासे मरून तरंगू लागतात, तेव्हा हा खुशाल असतो. पट्टेरी मरळ तर कोरड्या दिवसांत चिखलात रुतून, अंगातल्या चरबीवर पावसाची वाट पाहत राहू शकतो. अट एकच, कातडी आणि ती पोकळी ओली राहिली पाहिजे.

तोंडाचा आणखी एक उपयोग आहे. या गटातले मासे पिल्लांची राखण करतात. पट्टेरी मरळची तांबूस-नारिंगी पिल्लं पाण्यावर पुंजक्याने फिरतात आणि खालून आईबाप पहारा देतात. गाचुआसारख्या लहान जातींमध्ये अंडी आणि पिल्लं चक्क तोंडात सांभाळली जातात. इतका कडक शिकारी आणि जबड्यात स्वतःचीच लेकरं!

आता नाव लिहिण्याच्या रीतीबद्दल, कारण घोळ तिथेच होतो. जुन्या पुस्तकात ‘ऑफिओसेफॅलस स्ट्रायटस’ आणि नव्या पुस्तकात ‘चन्ना स्ट्रायटा’ दिसलं, तर दोन मासे समजू नका. ‘ऑफिसेफॅलस’ हा शब्द पुल्लिंगी, ‘चन्ना’ स्त्रीलिंगी. घोडा जाऊन घोडी आली की ‘काळा’चं ‘काळी’ होतं, तसं ‘स्ट्रायटस’चं, म्हणजे पट्टेरीचं, ‘स्ट्रायटा’ झालं. ठिपकेदार ‘पंक्टाटस’ही ‘पंक्टाटा’ झाला. मात्र हा बदल सगळ्यांनी एकदम केला नाही, त्यामुळे कित्येक वर्षं शोधनिबंधांत ‘चन्ना स्ट्रायटस’ असं अर्धवट रूपही फिरत राहिलं. उलट ‘चन्ना अर्गस’ जसाच्या तसा राहिला, कारण अर्गस हे विशेषण नव्हे. ग्रीक कथांतल्या शंभर डोळ्यांच्या पहारेकऱ्याचं ते नाव, माशाच्या अंगावरच्या डागांवरून दिलेलं. लाल घोडा असो की लाल घोडी, ‘लाल’ काही बदलत नाही, तसंच काहीसं.

कंसाचंही तसंच. ‘चन्ना स्ट्रायटा (ब्लॉख, १७९३)’ असं लिहिलेलं असतं, तेव्हा तो कंस शोभेसाठी नसतो. ब्लॉखने ही जात नोंदली खरी, पण दुसऱ्या प्रजातीत, नंतर ती हलवली गेली, एवढा इतिहास त्या दोन वळणांत असतो. ‘चन्ना ओरिएंटॅलिस ब्लॉख आणि श्नायडर, १८०१’ इथे कंस नाही, कारण ही बिनश्रोणिपरांची जात पहिल्या दिवसापासून चन्नातच होती. ब्लॉख १७९९ मध्ये वारला, त्याचं अपुरं काम श्नायडरने पुरं करून छापलं, म्हणून नावं दोन. गंमत म्हणजे दोन्ही नावांमागे हा एकच माणूस आहे: ज्याचं ‘ऑफिसेफॅलस’ हरलं, त्याचीच ‘ओरिएंटॅलिस’ ही चन्नाची नमुनाजात, म्हणजे प्रजातीचं नाव जिला बांधलेलं असतं ती जात, ठरली.

सगळ्यात मोठ्या भारतीय जातीचं नाव ‘चन्ना मारुलियस’. इथे मराठी वाचकाचे कान टवकारायला हवेत. हे नाव १८२२ चं, फ्रान्सिस हॅमिल्टन या स्कॉटिश डॉक्टरचं. गंगेच्या खोऱ्यातल्या माशांवर लिहिताना त्याने लोकांच्या तोंडची नावं उचलली आणि त्यांना लॅटिन शेपूट लावलं. रोहू त्याच्याकडे ‘रोहिता’ झाला, मृगल ‘मृगाला’. ‘मारुलियस’ आणि ‘गाचुआ’ याच पठडीतली. त्यामुळे मराठीतला मरळ, इंग्रजीत गेलेला ‘मुर्रेल’ आणि लॅटिन वेशातला मारुलियस शेजारी ठेवले की घरचीच माणसं भेटल्यासारखं वाटतं. लोकनावांत एक अडचण मात्र आहे. मराठीत मरळ म्हटलं की मारुलियसही आणि स्ट्रायटाही, लहान जातींना ढोक. बंगालीत स्ट्रायटाला शोल आणि मारुलियसला गजार, तमिळमध्ये विराल, मल्याळममध्ये वराल, तेलुगूत कोर्रमीनु. नेमका कोणता मासा हे कळायला शेवटी ते दोन शब्दी नावच लागतं.

आणि तेही कायमचं नसतं. एकेकाळी गाचुआ ही श्रीलंकेपासून जावापर्यंत पसरलेली एकच जात मानली जाई. आता तिच्यातून एकेक जात वेगळी काढली जात आहे. चन्नाच्या जातींची संख्या पन्नाशी ओलांडून गेली आहे, आणि आफ्रिकेतल्या तीन जातींना १९८४ पासून ‘पॅराचन्ना’ हे वेगळं घर मिळालं आहे. सगळ्यात नवलाचं नाव मात्र केरळमधलं. तिथे २०१८ च्या पुरानंतर भातखाचरात एक लांब, लालसर, सापासारखा मासा सापडला आणि त्याचा फोटो समाजमाध्यमावर आला. हा जमिनीखालच्या पाण्यात राहणारा जीव, पुराने वर आणलेला. २०१९ मध्ये त्याचं नामकरण झालं ‘एनिग्माचन्ना’, म्हणजे कोड्यातला चन्ना, आणि पुढच्याच वर्षी त्याच्यासाठी स्वतंत्र कुल, म्हणजे प्रजातीच्या वरचा गट, करावं लागलं. कारण त्याच्या डोक्यात हवा साठवायची ती पोकळीच नाही. ज्या वासलेल्या तोंडामुळे नाव शोभतं असं मी वर म्हटलं, ते या भावाला लागू नाही.

तिकडे अमेरिकेत या नावाला आणखी एक वळण मिळालं. २००२ मध्ये मेरीलँड राज्यातल्या एका तळ्यात चन्ना अर्गस सापडला. कोणीतरी आणून सोडलेले मासे तिथे विणले होते. वर्तमानपत्रांनी जमिनीवर चालणारा राक्षस उभा केला, तळ्यात विष घालून मासे मारले गेले आणि त्याच वर्षी केंद्र सरकारने या गटातल्या जिवंत माशांच्या आयातीवर बंदी घातली. तरीही हा मासा पुढे तिथल्या नद्यांत पसरला. आवरायचा तर पकडून खाणं हा एक मार्ग, पण ‘स्नेकहेड’, म्हणजे ‘सापडोक्या’, नावाचा मासा ताटात कोण घेणार? म्हणून २०२४ मध्ये मेरीलँडने कायदा करून त्याचं बाजारातलं नाव बदललं. शोधाशोध फार करावी लागली नाही. तिथल्या उपसागराचं नाव पुढे लावलं आणि मागे पुस्तकातलं प्रजातीचं नाव: ‘चेसापीक चन्ना’. मासा जिवंत बाळगायला मात्र तिथे अजूनही बंदीच आहे.