पार्श्वभूमी : क्लासिक रॉक पिढ्यान्‌पिढ्या कसे टिकले

लेड झेपेलिन, पिंक फ्लॉइड किंवा द हू या रॉक बँडच्या संगीताला आज सर्रास दिले जाणारे ‘क्लासिक रॉक’ हे नाव वादकांनी वा समीक्षकांनी नव्हे, तर अमेरिकेतील रेडिओ केंद्रांनी १९८०च्या दशकात रूढ केले.

त्याची मुळे आणखी मागे जातात. १९६०च्या दशकात अमेरिकी सरकारच्या नियमामुळे मोठ्या शहरांतील एफएम केंद्रांना आपल्याच मालकाच्या एएम केंद्राचे कार्यक्रम दिवसभर पुन्हा प्रसारित करणे अशक्य झाले. रिकाम्या झालेल्या वेळेत तरुण निवेदक तीन मिनिटांच्या गाण्यांऐवजी अल्बममधील दीर्घ रचना लावू लागले. सॅन फ्रान्सिस्कोच्या केएमपीएक्स केंद्रावर टॉम डोनाह्यू यांनी १९६७ मध्ये हाच प्रयोग केला. एफएमच्या स्वच्छ, स्टिरिओ आवाजात, मल्टिट्रॅक ध्वनिमुद्रणाने थरावर थर चढवून घडवलेले हे संगीत खऱ्या अर्थाने खुलले. दहाव्यांदा ऐकतानाही त्यात काही नवे सापडते, आणि माझ्या मते त्याच्या दीर्घायुष्याचे पहिले कारण हेच आहे. पिंक फ्लॉइडचा १९७३ मधील ‘द डार्क साइड ऑफ द मून’ हा अल्बम १९८८ पर्यंत बिलबोर्ड या अमेरिकी मासिकाच्या लोकप्रिय अल्बमच्या यादीत एकूण सातशेहून अधिक आठवडे राहिला, तो केवळ प्रसिद्धीच्या बळावर राहणे शक्य नव्हते.

१९८०च्या दशकाच्या मध्यास फ्रेड जेकब्स यांच्यासारख्या रेडिओ सल्लागारांनी नवी गाणी पूर्णपणे वगळून फक्त जुने रॉक वाजवणारी केंद्रे उभी केली. कमावत्या वयाला पोहोचलेला श्रोता जाहिरातदारांना हवा होता आणि त्याला त्याच्या तारुण्यातील संगीत हवे होते. त्याच सुमारास सीडी आल्याने घरी असलेल्याच रेकॉर्ड लोकांनी पुन्हा विकत घेतल्या. मात्र या केंद्रांच्या मर्यादित यादीत जिमी हेंड्रिक्ससारखे अपवाद वगळता कृष्णवर्णीय कलावंतांना फारसे स्थान मिळाले नाही. रॉकचा उगमच त्यांच्या ब्लूज या संगीतप्रकारात असल्याने ही उणीव गंभीर आहे, आणि पुढच्या पिढ्यांच्या हाती आला तो हाच निवडलेला वारसा.

आईवडिलांच्या गाडीतील रेडिओवर तो मुलांच्या कानी पडत राहिला. पुढे चित्रपटांनी आणि मोबाइलने रेडिओची जागा घेतली. क्वीन या बँडचे १९७५ मधील ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’ हे गाणे अमेरिकेतील लोकप्रियतेच्या यादीत प्रथम नवव्या क्रमांकापर्यंत गेले होते, ते ‘वेन्स वर्ल्ड’ या चित्रपटातील एका प्रसंगानंतर १९९२ मध्ये दुसऱ्या क्रमांकावर पोहोचले. २०२० मध्ये तर टिकटॉकवरील स्केटबोर्डच्या एका छोट्या व्हिडिओमुळे फ्लीटवूड मॅक या बँडचे १९७७ मधील ‘ड्रीम्स’ हे गाणे पुन्हा लोकप्रियतेच्या यादीत आले, आणि ते ऐकणाऱ्यांपैकी अनेकांचा १९७७ मध्ये जन्मही झालेला नव्हता.